दुपारचा आवाज

सर्वपित्री अमावास्येला बर्व्यांच्या घरी पहिलं पान कावळ्याचं आणि दुसरं घरातल्या सगळ्यांत तापट माणसाचं, असा दिनकररावांच्या वेळेपासूनचा रिवाज. दिनकरराव गेले आणि त्यांचा फोटो, त्यांचा रिवाज आणि त्यांची बायको लतिकाबाई ही तिन्ही पुण्याहून जर्मनीत एर्लांगेनला मुलाकडे, यशोधनकडे आली. तापटपणाची गादी मात्र रिकामी राहिली नाही. ती त्यांच्या लेकीने, वसुधाने, बाप जिवंत असतानाच बळकावली होती.

आज ती जेवायला येणार होती, नवऱ्याला घेऊन. नवरा म्हणजे फोक शू-लाम. एके काळी हाँगकाँगचे टॅक्सीवाले, शाळकरी पोरं आणि त्यांच्या आज्या सगळे ज्याची गाणी गुणगुणत, तो. लतिकाबाईंच्या जिभेला ते नाव झेपलं नाही, म्हणून त्यांनी पहिल्याच भेटीत त्याचं शामराव करून टाकलं आणि पुढे अख्ख्या घराला ते शामरावच झाले.

सोमवारी इथल्या इस्पितळात शामरावांचं स्वरयंत्र काढायचं होतं. घशातला आजार काढायचा तर त्याच्यासोबत आवाजही जाणार, याबद्दल डॉक्टरांत दुमत नव्हतं. दुमत होतं ते घरात. यशोधन म्हणत होता, सोमवार. वसुधा म्हणत होती, म्युनिक. तिने परस्पर तिथल्या एका खासगी डॉक्टरची त्याच सोमवारची टेर्मीन, म्हणजे भेटीची वेळ, घेऊन ठेवली होती. तो म्हणे नुसते किरण देऊन बरं करतो, आवाजाला धक्का न लावता. नुसत्या किरणांनी भागायची वेळ कधीच टळून गेली, असं इथले डॉक्टर बजावून थकले होते. लतिकाबाई लेकीच्या बाजूने होत्या. संपदा पडली सून, तिची बाजू कुणी विचारलीच नव्हती. आणि ज्यांचा गळा, ते शामराव होकारही देत नव्हते, नकारही देत नव्हते.

सकाळचं तर्पण नेहमीसारखं फोनवर उरकलं. पुण्याहून गुरुजी स्पीकरवर मंत्र सांगत होते, यशोधन ताम्हनात पाणी सोडत होता आणि मधूनमधून घड्याळाकडे बघत होता, कारण लगेच त्याची ऑफिसची टेलीकॉन्फरन्स होती. समोर पाटावर तीन फोटो. दिनकरराव, त्यांच्या आई, आणि दत्तूकाका, म्हणजे दिनकररावांचे धाकटे भाऊ दत्तात्रय. ऐन पंचविशीत गेलेले. त्यांचा फोटो संपदाने कधी पाहिलाच नव्हता. "खोक्यात असेल बघ गं, दत्तूभावोजींचासुद्धा," असं लतिकाबाई काल म्हणाल्या आणि ती तळघरात, केलरमध्ये, उतरली. तिथे पुण्याच्या घरची आणि वसुधाने हाँगकाँगचं घर आवरलं तेव्हा पाठवलेली खोकी एकमेकांच्या डोक्यावर बसली होती. एका जुन्या चादरीत काळ्या चौकटीचा एक फोटो निघाला. बंद गळ्याचा कोट, मधोमध भांग, खप्पड गाल, अर्धा चेहरा सावलीत. आणखी कोण असणार? तिने तो पुसला, चंदनाचा हार घातला आणि पाटावर ठेवला. लतिकाबाईंच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरलेला. त्यांनी लांबूनच हात जोडले आणि म्हणाल्या, "किती कोवळा होता हो!"

वडे तळताना संपदाला गाणं ऐकू आलं.

आधी तिला वाटलं, वरचा धूर ओढणारा पंखाच घुमतोय. तिने तो बंद केला. गाणं राहिलं. पुरुषाचा आवाज, तरुण, संथ, ओळीच्या शेवटी खाली उतरत जाणारा. भाषा कळत नव्हती, पण चाल ओळखीची होती. वसुधा घरात असली की भांडी विसळतानाही तीच गुणगुणायची.

"यशोने सीडी लावली वाटतं," असं म्हणत ती बाहेर आली. यशोधन अभ्यासाच्या खोलीत कानाला हेडसेट लावून म्युनिकच्या कुणाला तरी "गेनाऊ, गेनाऊ" म्हणून होकार भरत होता. ती हॉलच्या दारात पोचली आणि गाणं थांबलं. संपलं नाही, थांबलं. कुणी आत आल्यावर बोलणारा थांबतो तसं. खोलीत उदबत्ती, तीन फोटो, बाकी कोणी नाही. सीडी प्लेअर तर तिने स्वतः पाट मांडायला जागा हवी म्हणून काल उचलून केलरमध्ये ठेवला होता.

तिने फोटोंकडे पाहिलं. दत्तूकाकांचे ओठ किंचित उघडे होते. हे काल लक्षात आलं नव्हतं. फोटो काढणाऱ्याला घाई असावी, असं तिने स्वतःला समजावलं आणि ती वड्यांकडे पळाली. दोन करपले होते.

लतिकाबाई बाल्कनीच्या दाराशी खुर्ची टाकून बसल्या होत्या. कठड्यावर ओळीने तीन पानं ठेवली होती, प्रत्येक फोटोच्या नावाचं एक. जर्मनीतले कावळे पुण्यातल्यांपेक्षा शिस्तीचे, दरवर्षी वेळेवर यायचे. आज समोरच्या पोप्लारच्या झाडावर चांगले पाचसात बसले होते आणि एकही हलत नव्हता.

"काय राहिलंय ह्यांचं कोण जाणे," लतिकाबाई पुटपुटल्या. "अहो, मुलांची काळजी करू नका. यशोधनचं कर्ज फिटत आलंय. आता तरी या."

एक कावळा उडाला. दिनकररावांच्या पानावरून चालत गेला, आजेसासूबाईंच्या पानावरून चालत गेला, तिसऱ्या पानापाशी थांबला आणि खाली मान घालून भराभर जेवू लागला. वडा, भात, खीर. बाकीच्या दोन पानांकडे त्याने ढुंकूनही पाहिलं नाही. तिसरं पान लख्ख झालं तसा तो उडून गेला आणि त्याच्यामागून बाकीचेही गेले.

"शिवला का गं?"

"शिवला, आई. पण तिसऱ्यालाच."

"दत्तूभावोजींना?" लतिकाबाईंनी डोळ्यांना पदर लावला. "जेवू दे बिचाऱ्याला. संसाराचं सुख बघितलं नव्हतं त्यांनी."

संपदाने हं म्हटलं. तिच्या हातावर मात्र काटा आला होता आणि तो काही केल्या जाईना.

एक वाजता बेल वाजली. दारात वसुधा. "जिन्यापर्यंत कढीचा वास आलाय, संपदा. तुझे जर्मन शेजारी एखाद दिवशी पोलीस बोलावतील." तिच्यामागे शामराव, सप्टेंबरातल्या उन्हातही मफलर गुंडाळलेले. वय छप्पन्न. अजूनही माणूस खोलीत आला की लोकांनी आपोआप सरळ बसावं असा ताठा, पण तो आता कपड्यांत सैल झाला होता.

"मी आले," ते कुजबुजले.

त्यांचं मराठी वसुधाकडून शिकलेलं, त्यामुळे क्रियापदं सगळी बायकी. सुरुवातीला घरात यावर पोट धरून हसले होते. आता कोणी हसत नसे, कारण त्या कुजबुजीला किती कष्ट पडतात ते सगळे बघत होते.

या घरात शिरलं की शामराव आधी दिनकररावांच्या फोटोसमोर जात. जिवंतपणी सासऱ्याने जावयाचं तोंड पाहिलं नव्हतं. 'गाणाऱ्याला मुलगी दिली की घराचा तमाशा होतो,' हे वाक्य दिनकररावांनी लग्नाच्या आमंत्रणावरच लिहून परत पाठवलं होतं. तेव्हा हा गाणारा तिकडे स्टेडियममध्ये रोज रात्री वेगळा झगा घालून हजारो माणसांना रडवत होता. पण बर्व्यांना त्याचं काय! शामरावांनी राग धरला नाही. ते टोपी काढून तीन वेळा कमरेत वाकत, आपल्या पद्धतीने.

आजही ते वाकले. एकदा. दुसऱ्यांदा वाकता वाकता मध्येच थांबले.

संपदा मागे पाण्याचा तांब्या घेऊन उभी होती. तिला फक्त त्यांची पाठ दिसत होती आणि पाठीपलीकडे, हारामागे, तो फोटो. मफलरवरची ती मान आणि फोटोतली ती मान. एकाच क्षणी तिला सगळं कळलं.

"हा फोटो इथे कोणी ठेवला?" वसुधाचा आवाज.

"वसुताई, मला वाटलं..."

"कोणी ठेवला?"

"मीच. मला वाटलं दत्तूकाका."

"दत्तूकाका?" वसुधा तिच्यावर धावूनच गेली. "अगं, डोळे आहेत का भोकं? जिवंत माणसाच्या फोटोला हार! सोमवारी त्यांना टेबलावर घ्यायचंय आणि तू आज त्यांना पितरांत बसवलंस! पाणी पण दिलं असेल?"

संपदाची नजर ताम्हनाकडे गेली. त्यावरून वसुधाला काय ते समजलं.

यशोधन हेडसेट गळ्यात अडकवून बाहेर आला. "काय चाललंय? आल्झो, ताई, हळू बोल, माझं म्यूट नीट चालत नाही."

"तू ह्यांना तिलांजली दिलीस, यशोधन. स्वतःच्या हाताने."

त्याने फोटोकडे पाहिलं, मेव्हण्याकडे पाहिलं आणि त्याचा चेहरा उतरला. तरी म्हणाला, "क्वाच! काहीतरीच! चूक झाली, मान्य आहे. संपदाने मला विचारायला हवं होतं. पण त्याने कोणाचं काय बिघडतं?"

संपदाला हे लागलं. समोर बसून तीन ओंजळी पाणी सोडणारा तो, फोटोकडे मान वर करून न बघणारा तो, आणि विचारायचं तिने! पण या घरात सुनेने गिळायच्या गोष्टींत खिरीनंतर हेच येतं, हे तिला ठाऊक होतं.

"म्हणजे ते दत्तूभावोजी नव्हेत?" लतिकाबाई भिंतीचा आधार घेत आत आल्या. त्यांनी फोटोला नाक लावेपर्यंत जवळ जाऊन पाहिलं. "अरे देवा. शामराव! आणि ह्यांच्या शेजारी! जिवंतपणी कधी मांडीला मांडी लावून बसवलं नाही हो ह्यांनी तुम्हाला." मग त्या म्हणाल्या, "म्हणजे कावळा शिवला तो..."

संपदाने त्यांचा हात दाबला, पण उशीर झाला होता.

"कावळा कुठे शिवला?" वसुधाने विचारलं. आणि ऐकल्यावर ती सोफ्यावर बसली. "संपलं. हा शकुन नाही तर काय आहे? सोमवारी त्या टेबलावरून हे उठणार नाहीत. आपण म्युनिकला जातोय. यशोधन, तिकिटं काढ."

"ताई, म्युनिकला गेलात तर सहा महिने. इथले डॉक्टर काय म्हणाले ते तू ऐकलंयस."

"आणि इथे थांबलो तर तीन दिवस!"

"मला वाटतं वसुधा म्हणते त्यात..." लतिकाबाई म्हणाल्या. त्यांनी वाक्य पुरं केलं नाही.

शामराव पाटासमोर गुडघ्यांवर बसले होते आणि फोटोची चौकट बोटाने चाचपत होते, मागून, खिळ्यांपाशी. मग ते वसुधाकडे वळले.

"तू म्हणाली जाळला."

खोलीतला सगळा आवाज त्या कुजबुजीने खाऊन टाकला.

"जुन्या गोष्टी आहेत, लाम," वसुधा इंग्रजीत म्हणाली.

"नाही. सांग यांना. संपदाची चूक नाही."

वसुधा सांगेना, तेव्हा त्यांनीच थांबत थांबत सांगितलं. हा फोटो कधी कोणाच्या मरणाचा नव्हता, सिनेमातल्या मरणाचा होता. टीव्हीवरची गाण्याची स्पर्धा जिंकली, मालिकांची शीर्षकगीतं गाऊन नाव झालं, मग मिळालेली ही पहिली मोठी भूमिका. जुन्या काळातला एक गायक मरतो आणि त्याच्या बायकोने भिंतीवर लावलेला फोटो रोज दुपारी तिच्यासाठी गायला लागतो. त्यासाठी शामरावांना बंद गळ्याचा, कोटासारखा झगा घालून, गालांना काळं लावून उभं केलं आणि गाता गाता फोटो काढला. त्यांच्याकडे सिनेमावाले अशा बाबतीत फार जपतात. जिवंत नटाचा मेलेला फोटो काढला की त्याला शकुनाच्या पैशांचं लाल पाकीट देतात, तो फोटोकडे बघून मोठ्याने हसतो, आणि शेवटचा शॉट झाला की फोटो सगळ्यांसमोर जाळतात.

"मी हसले," शामराव म्हणाले. "जाळायची वेळ आली, ही म्हणाली, मी जाळते. प्रॉप्सवाला हिला देऊन टाकला."

"का गं?" यशोधनने बहिणीकडे पाहिलं.

वसुधा तेव्हा विमान कंपनीच्या हाँगकाँगच्या कचेरीत तिकिटं फाडत होती आणि सुट्टीच्या दिवशी स्टुडिओच्या फाटकाशी उभी राहत होती. हे घरात सगळ्यांना माहीत होतं. हे मात्र कोणाला माहीत नव्हतं.

"त्यात तो गातोय," ती म्हणाली. "नीट बघ. तोंड उघडं आहे. मी कसा जाळणार होते?"

संपदाला तिचा राग यायला हवा होता. इतका वेळ हिने आपल्याला झोडपलं आणि मूळ करणी हिचीच! पण राग आला नाही. त्या उघड्या ओठांकडे बघून तिला सकाळचं गाणं आठवलं आणि ते सांगावं की नाही, हे ठरवायच्या आत परत बेल वाजली.

खालच्या मजल्यावरच्या फ्राऊ रुप्रेख्त होत्या. केस विंचरलेले, कार्डिगनची सगळी बटणं लावलेली. तक्रार करायची असली की त्या अशाच यायच्या.

"फ्राऊ बर्वे, एन्टशुल्डिगुंग, माफ करा," त्या म्हणाल्या. "गाण्याला माझी काही हरकत नाही. फार सुंदर गातात तुमच्याकडचे ते गृहस्थ. सकाळपासून खिडकी उघडी टाकून ऐकतेय. पण आता मिटाग्सरूहे, दुपारच्या शांततेची वेळ, सुरू झाली. एक ते तीन नको, एवढंच. वरच्या मजल्यावर बाळ आहे."

"आता?" संपदाने विचारलं. "आता कोणी गात होतं?"

"हे काय, मी जिना चढत होते तोवर."

यशोधन पुढे झाला. "रेडिओ असेल, फ्राऊ रुप्रेख्त."

बाईंना हा अपमान वाटला. "हेर बर्वे, मी आयुष्यभर चर्चच्या कॉयरमध्ये गायले आहे. रेडिओ आणि माणूस मला कळतो. हे असं." आणि त्यांनी जिन्यातच, दोन्ही हात पोटावर बांधून, नाकातल्या नाकात चाल गुणगुणली. संथ, ओळीच्या शेवटी खाली उतरत जाणारी.

मागे हॉलमध्ये वसुधाने तोंडावर हात दाबला. तेच गाणं. फोटो दुपारी बायकोसाठी गातो, ते.

संपदाने कसंबसं "हो, हो, नक्की, आता नाही होणार" म्हणून दार लावलं. वळून पाहिलं तर सगळे होते तिथेच होते आणि कोणी कोणाकडे बघत नव्हतं. ती म्हणाली, "मी पण ऐकलं. वडे तळताना. मला वाटलं सीडी आहे."

"मीही," यशोधन खाली बघत म्हणाला. "मीटिंगमध्ये म्युनिकचा माणूस विचारत होता, मागे कोण गातंय. मी म्हटलं बायको."

एवढ्या भीतीतही संपदाच्या मनात आलं, पुरुषी आवाजात?

शामराव मात्र घाबरलेले दिसत नव्हते. ते लतिकाबाईंसमोर जाऊन बसले. "आई, कावळा शिवते म्हणजे काय होते?"

लतिकाबाईंनी आधी लेकीकडे पाहिलं. मग म्हणाल्या, "गेलेल्याची इच्छा राहिली असली की तो शिवत नाही, शामराव. मन शांत झालं की शिवतो. मग तो जातो."

"आज शिवला."

"शिवला हो. पण तुम्ही तर..."

"मी नाही." त्यांनी दोन बोटं मफलरवर, गळ्यावर ठेवली. "तो. तो गेला. मी इथे आहे." मग त्यांनी ताम्हन पुढे ओढलं. "पण अजून गातो. कारण वसू जाऊ देत नाही. वसू, तू पाणी दे."

"काय?"

"यशोने दत्तूकाकाला दिलं. त्याला कोणी दिलं नाही. तू दे. सोमवारी मी जाते डॉक्टरकडे. इथे. म्युनिक नाही."

"वेड लागलंय तुम्हाला!" हे लतिकाबाई. "सवाष्ण बाई नवऱ्याच्या फोटोला तिलांजली देते? गळ्यात मंगळसूत्र असताना? कोणत्या शास्त्रात बसतं हे?"

"मी देणार नाही," वसुधा म्हणाली. तिचा आवाज चढत गेला. "बावीस वर्षं झाली. ह्या आवाजासाठी मी घर सोडलं. बाबा मरताना मला बोलावलं नाही, तरी मी रडले नाही, कारण घरी गेले की हा आवाज होता. तिकडे सार्स आला, कार्यक्रम बंद पडले, लोक विसरले, काम गेलं. मला काही वाटलं नाही. सकाळी आंघोळ करताना तू गायचास ना, तेवढं मला पुरत होतं. आता म्हणतात, कापून टाकू. आणि मी हो म्हणू? मी माझ्या हाताने पाणी सोडू? मग माझ्याजवळ काय उरलं?"

"मी उरते ना, वसू," शामराव म्हणाले.

तिची नजर फोटोवरच होती.

"थोडीशी," त्यांनी बोटांची चिमूट करून दाखवली. "आवाज सोडून थोडीशी. चालेल का?"

संपदाला तिथे उभं राहवेना. एखाद्याचं इतकं खाजगी आपण पाहू नये असं तिला वाटलं, आणि डोळे भरून आले म्हणून ती खांद्याला पुसायला लागली. यशोधन हेडसेटची वायर बोटाभोवती गुंडाळत उभा होता.

लतिकाबाई उठल्या. संपदाला वाटलं, आता त्या लेकीला पोटाशी धरून म्युनिकची बाजू पुन्हा मांडणार. त्यांनी वसुधाचा हात धरला, पण तो धरून तिला पाटासमोर नेलं आणि खाली बसवलं.

"आई, तू पण?"

"ह्यांचा आवाज माझ्याजवळ कॅसेटवर आहे," लतिकाबाई म्हणाल्या. "तुझ्या मुंजीच्या गोंधळात... तुझ्या नव्हे गं, यशोधनच्या मुंजीत कुणी भरून ठेवलेला. ह्यांचं ओरडणंच आहे, वाढप्यांना. मी एकदा लावली. आवाज खोलीत आणि माणूस नाही. ते फार वाईट असतं, वसू. रात्रभर मी दिवे लावून बसले होते. त्याच्या उलट झालं तर झालं. माणूस असू दे आणि आवाज नसू दे. मी आयुष्यात तुझ्या बाबांचं ऐकत आले, आज माझं तू ऐक."

त्यांनी वसुधाच्या तळहातावर काळे तीळ ठेवले. शास्त्र कोणत्या कोपऱ्यात गेलं, ते त्यांनी नंतर विचारलं नाही.

यशोधनने पळी भरून दिली. तीळ वसुधाच्या बोटांच्या फटीतून आधीच गळायला लागले. तिने अंगठा बाजूला केला. ओठ हलले. काय नाव घेतलं, गोत्र कोणतं सांगितलं, ते संपदाला कळलं नाही. फोक शू-लाम हे नाव असावं. शामराव नव्हतं एवढं नक्की.

पाणी अंगठ्याच्या बाजूने ताम्हनात पडलं.

आणि तेव्हा संपदाच्या लक्षात आलं की गाणं चालू होतं. आत्ता, या क्षणापर्यंत. केव्हापासून ते सांगता येणार नाही, बहुधा शेजारीण गेल्यापासून, सगळ्यांच्या बोलण्याखाली, इतकं हळू की पंख्याच्या घरघरीसारखं कान त्याला सरावले होते. ते लक्षात आलं, कारण ते तुटलं. ओळ खाली उतरत होती, शेवटाला पोचली नव्हती, तिथेच. तिने वर पाहिलं. यशोधनची मान वळलेली, लतिकाबाईंची वळलेली, वसुधाची वळलेली. सगळे ऐकत होते तर. कोणी कोणाला सांगितलं नव्हतं इतकंच.

खोलीत आता अशी शांतता होती की उदबत्तीची राख पडलेली कळली असती.

"लाम," वसुधा म्हणाली. ती फोटोकडे बघत नव्हती, नवऱ्याकडे बघत होती. "ऐकलंस?"

शामरावांनी तोंड उघडलं. काही आलं नाही. त्यांनी घसा साफ केल्यासारखं केलं, त्याचाही आवाज आला नाही. पुन्हा बोलून पाहिलं. सकाळपर्यंत, आत्ता पाच मिनिटांपूर्वीपर्यंत जी कुजबुज होती, तीसुद्धा उरली नव्हती. नुसते ओठ हलत होते. सोमवार अजून लांब होता आणि डॉक्टरांनी काढायचं ते आधीच निघून गेलं होतं.

लतिकाबाईंनी देवाचं नाव घेतलं. यशोधन फोनकडे वळला, इस्पितळाला लावावा म्हणून. संपदाच्या मनात मात्र एकच धडधड होती, ही आता काय करील? किंचाळेल? माझ्या हाताने झालं म्हणून ऊर बडवील?

वसुधाने दोन्ही हातांनी शामरावांचा चेहरा धरला. बावीस वर्षं ती या माणसाला ऐकत आली होती, बहुतेक वेळा डोळे मिटून. आता ती त्यांच्या तोंडाकडे बघत राहिली, शाळेतलं पोर फळ्याकडे बघतं तशी, कपाळाला आठ्या घालून. शामरावांनी तेच पुन्हा सांगितलं. आणखी एकदा, सावकाश.

तिला कळलं. ती एकदम हसली आणि त्याच हसण्यात रडायलाही लागली.

"संपदा," ती डोळे न पुसताच म्हणाली, "भात गरम आहे का गं? ह्यांना भूक लागलीय म्हणतायत."